हौशी संघांची शिडी

हिंगोली-कळमनुरीकडून येणारा रस्ता आणि उमरखेड-हदगांवकडून येणारा रस्ता जेथें एकत्र मिळून नांदेडकडे निघतात, त्या ठिकाणास वारंगा फाटा म्हणतात. तेथें बर्फ पडत नाहीं. पोलादी पात्यांचे बूट घालून बर्फावर खेळावयाच्या हॉकीशीं त्या भागाचा संबंध असण्याचें कारणहि नाहीं. तथापि त्या परदेशी खेळाच्या हौशी संघांचा इतिहास आणि मराठी मुलुखांतील हुतूतूचा इतिहास शेजारीं शेजारीं ठेवून पाहिले, तर दोहोंच्या मुळाशीं एकच प्रश्न आढळतो. दिवसभर पोटासाठीं दुसरें काम करणारा मनुष्य सायंकाळीं आपल्या गांवाच्या नांवासाठीं मैदानांत उतरतो. त्याच्या खेळाची व्यवस्था कोणीं लावावी, आणि खेळांत पैसा आल्यावर त्याचें पुढें काय व्हावें?

कॅनडांत ह्या प्रश्नाला पैशानें तोंड फोडलें. तेथील गव्हर्नर-जनरल लॉर्ड स्टॅन्ले यांनीं १८९२ सालीं दिलेला चषक मुळांत हौशी संघांसाठीं होता. पुढें पगार देऊन खेळाडू ठेवण्याची प्रथा वाढली आणि तो चषक धंदेवाईक संघांच्या हातीं गेला. तेव्हां सर माँटेग्यू ॲलन यांनीं १९०८ सालीं ‘सीनियर’ हौशी संघांसाठीं, म्हणजे कुमारवय ओलांडलेल्या बिनपगारी खेळाडूंसाठीं, निराळा चषक ठेविला. प्रांतोप्रांतीं लीगचे सामने होत. त्यांतून वर आलेले संघ ह्या चषकासाठीं झुंजत. १९२० सालीं तो विनिपेगच्या ‘फाल्कन्स’ संघानें जिंकला. त्या संघांतील बहुतेक खेळाडू आइसलंडहून येऊन स्थायिक झालेल्या कुटुंबांतील होते. तोच संघ अँटवर्पच्या ऑलिंपिक सामन्यांत उतरला आणि बर्फावरील हॉकीचें पहिलें सुवर्णपदक घेऊन परतला. ब्रिटिश कोलंबियांतील ट्रेल हें तर धातू गाळण्याच्या कारखान्यावर जगणारें लहानसें गांव. पण त्याचा ‘स्मोक ईटर्स’ संघ १९३९ आणि १९६१ अशा दोन वेळां जगज्जेता झाला.

मराठी मुलुखांत अडचण उलट दिशेनें आली. येथें खेळांत पैसा शिरलेला नव्हता; परंतु नियमांतच एकवाक्यता नव्हती. संजीवनी पद्धतींत प्रतिपक्षाचा गडी बाद झाला कीं आपला बाद झालेला गडी पुन्हा जिवंत होई. गामिनींत बाद झालेला गडी सगळा संघ संपेपर्यंत बाहेरच बसे. अमर पद्धतींत तो मैदान सोडीतच नसे. केवळ गुण मोजला जाई. एका गांवचा संघ दुसऱ्या गांवीं गेला, तर आधीं कोणत्या पद्धतीनें खेळावयाचें हेंच ठरवावें लागे. जेथें हार-जीत कशी मोजावी हेंच निश्चित नाहीं, तेथें प्रांताचें अजिंक्यपद कोठून येणार?

ही घडी बसविण्याचें काम सरकारनें केलें नाहीं. तें व्यायामप्रेमी मंडळांनीं केलें. साताऱ्याच्या उत्साही मंडळींनीं १९१८ च्या सुमारास खेळास शिस्त लावण्याचा आरंभ केला. १९२३ सालीं बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्यानें सुधारलेल्या नियमांनुसार सामने भरविले. अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकानें १९३६ सालीं बर्लिनच्या ऑलिंपिक प्रसंगीं हा खेळ परदेशी प्रेक्षकांस दाखविला. १९३८ सालीं कलकत्त्यास भरलेल्या भारतीय ऑलिंपिक सामन्यांत त्यास स्थान मिळालें. १९५० सालीं ‘कबड्डी’ ह्या नांवानें अखिल भारतीय संस्था स्थापन झाली. पुढें तिची जागा घेणाऱ्या संस्थेनें आपल्या नांवांतच ‘ॲमॅच्युअर’, म्हणजे हौशी, हा शब्द धारण केला. शंकरराव उर्फ बुवा साळवी यांच्यासारख्या कार्यकर्त्यांनीं आयुष्य वेंचून जी रचना उभी केली, तिच्या बळावर १९९० सालीं बीजिंगच्या आशियाई सामन्यांत कबड्डीस पदकाचा मान लाभला.

ह्या रचनेचें स्वरूप शिडीसारखें आहे. गांवच्या मंडळांतून जिल्ह्याच्या संघांत, जिल्ह्यांतून राज्याच्या संघांत, आणि तेथून देशाच्या संघांत खेळाडू चढतो. म्हणून नकाशावरील रेघ ही केवळ महसुलाची बाब राहत नाहीं. वारंगा फाट्याचा प्रदेश १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यांत होता. पुणें-बडोद्याच्या मंडळांची चळवळ राज्याच्या सीमेपलीकडची होती. १९६० सालीं महाराष्ट्र राज्य झालें, तरी हिंगोलीचा भाग परभणी जिल्ह्यांतच राहिला. १ मे १९९९ रोजीं हिंगोली जिल्हा निराळा झाला. त्यामुळें जिल्ह्याच्या संघांत येण्यासाठीं लांबच्या परभणीकडे पाहण्याची गरज उरली नाहीं. शिडीची एक पायरी गांवाच्या जवळ आली.

२०१४ सालीं व्यावसायिक कबड्डी लीग सुरू झाली आणि खेळाडूस त्याच्या श्रमाचें मोल मिळूं लागलें. ह्यांत वाईट वाटण्यासारखें कांहीं नाहीं. उपाशी पोटीं हौस फार दिवस टिकत नाहीं. रेल्वे, बँका आणि कारखाने यांनीं नोकऱ्या देऊन खेळाडू पोसले, तेव्हांच निखळ हौसेची मर्यादा उघड झाली होती. परंतु कॅनडाचा पुढील अनुभव विसरतां येत नाहीं. १९५२ पासून दूरचित्रवाणीनें धंदेवाईक हॉकी घरोघरीं नेली. गांवोगांवच्या सामन्यांचे प्रेक्षक ओसरले, आणि सीनियर हौशी लीग एकामागून एक दुबळ्या झाल्या. १९६१ च्या ट्रेलनंतर त्या देशास जागतिक अजिंक्यपद पुन्हा मिळण्यास १९९४ साल उजाडावें लागलें. ॲलन चषक नाहींसा झाला नाहीं. पण एका गांवाचा संघ जगज्जेता होण्याचे दिवस मात्र संपले.

शिखरावर प्रकाश पडला म्हणजे पायऱ्या आपोआप उजळतात, हा समज ह्या इतिहासास मान्य नाहीं. मैदान आंखणारे, चुना टाकणारे, पंचाची शिट्टी गळ्यांत अडकवून उन्हांत उभे राहणारे लोक कोणत्याहि लीगच्या जमाखर्चांत दिसत नाहींत. फाट्यावरचा एखादा मुलगा दम न सोडतां मधली रेघ ओलांडून परत येतो, तेव्हां त्याला बाद कीं जिवंत ठरविणारा नियम तयार सांपडतो. तो नियम त्याच लोकांनीं राखलेला असतो.