तळटीप : ॲप स्टोअर

१२. मूळ मजकुरात ॲप स्टोअर आयफोनबरोबरच आल्यासारखा उल्लेख आहे. प्रत्यक्षात दोहोंत वर्षभराचे अंतर आहे. २९ जून २००७ रोजी अमेरिकेत आयफोन विक्रीस आला तेव्हा बाहेरच्या प्रोग्रॅमरला त्यावर आपले ॲप बसवण्याची अधिकृत सोयच नव्हती. सफारी ब्राउझरमध्ये चालतील अशी वेब-ॲप्स तयार करा, असे स्टीव्ह जॉब्ज यांचे तेव्हाचे सांगणे होते. हौशी मंडळी थांबली नाहीत. फोनची कुलपे तोडून त्यांनी आपली ॲप्स आत घातली, आणि ॲपलचे मन वळण्यात त्यांचा मोठा वाटा आहे असे आम्हांला वाटते. ऑक्टोबर २००७ मध्ये जॉब्ज यांनी प्रोग्रॅमरांसाठी साधनसंच जाहीर केला, मार्च २००८ मध्ये तो हाती आला, आणि १० जुलै २००८ रोजी सुमारे ५०० ॲप्ससह दुकान उघडले. पहिल्याच आठवडाअखेरीस १ कोटी डाउनलोड झाले. किंमत ॲप बनवणाऱ्याने ठरवायची. ७० टक्के त्याचे, ३० टक्के ॲपलचे. याच ३० टक्क्यांवरून पुढे खटले झाले. पण ॲप स्टोअर येण्याआधी मोबाइल कंपन्यांच्या मर्जीशिवाय फोनवर काही विकणे किती अवघड होते, हे विसरून त्या वाटणीचा न्याय करता येणार नाही. गूगलचे अँड्रॉइड मार्केट (आजचे प्ले स्टोअर) २००८ मध्येच २२ ऑक्टोबरला सुरू झाले. ॲपलसारखी पूर्वतपासणी तेथे नव्हती, आणि विकतची ॲप्स फेब्रुवारी २००९ मध्ये आली. — संपादक