बोलू देण्याची परवानगी

खामगावचा कापूस एकेकाळी थेट विलायतेला जायचा. अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी चालली, तिकडचा माल अडला आणि वऱ्हाडच्या कपाशीला भाव चढला. १८७० साली जलंबहून खामगावपर्यंत आगगाडीचा फाटा सुरू झाला, तेव्हा उद्घाटनाला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो आले होते!

गाठोडी आगगाडीने जात, पण पैसा फिरे तो हुंडीवर. मुदत भरली की हुंडीचे पैसे मिळालेच पाहिजेत. एक पेढी अडली की तिच्यामागे दुसरी अडते. अशा कागदावरचे दावे झटपट निकालात निघावेत म्हणून विलायतेत १८५५ साली आणि आपल्याकडे १८६६ साली कायदा झाला. पुढे १९०८ च्या दिवाणी संहितेत तो सदतिसावी ऑर्डर म्हणून बसला.

यात एक मेख आहे, बरं का. साध्या दाव्यात प्रतिवादी हक्काने बोलतो. इथे त्याने आधी बोलण्याची परवानगी मागायची! आजच्या नियमाप्रमाणे समन्स लागल्यापासून दहा दिवसांत हजेरी द्यायची. मग वादीने निकालासाठी दुसरे समन्स बजावले की पुन्हा दहा दिवसांत प्रतिज्ञापत्रावर आपला बचाव सांगायचा. परवानगी नाकारली, तर निकाल तिथल्या तिथे.

पेढीवाल्याला दहा दिवस पुरतात. कुणब्याचे काय? १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची खतेपत्रे जाळली. चौकशीत आढळले की पुष्कळ हुकूमनामे एकतर्फी होते, कुळ कोर्टात आलेच नव्हते. म्हणून १८७९ च्या कायद्याने न्यायाधीशाला सांगितले, नुसते खत पाहू नका, मागचा व्यवहार उकरा. पण हा कायदा प्रथम पुणे, सातारा, सोलापूर, अहमदनगर एवढ्यांनाच होता. वऱ्हाडातला बुलढाणा बाहेरच राहिला. एक कायदा म्हणतो कागद पुरे, दुसरा म्हणतो कागद पुरे नाही. मला विचाराल तर दोघांनाही आपापल्या जागी कारण होते.

१९०८ ची ऑर्डर मुख्यतः मोठ्या शहरांतल्या हायकोर्टांसाठी होती. १९७६ च्या दुरुस्तीने ती जिल्ह्याच्या कोर्टांनाही खुली झाली, आणि लेखी करारातल्या ठरीव रकमेचे दावेही तीत आले.

परवानगी द्यावी केव्हा, याचे उत्तर सुप्रीम कोर्टात १९५८ साली न्यायमूर्ती विवियन बोस यांनी दिले. हे बोस आपले जवळचे. बुलढाण्याचे अपील १९५६ पर्यंत ज्या नागपूर हायकोर्टात जात असे, त्याचे ते मुख्य न्यायाधीश होते. दावा दिल्लीचा, न वटलेल्या साठ हजारांच्या चेकचा. प्रतिवादी म्हणाले, चेक नुसता तारण म्हणून दिला होता, मालाचे पैसे आम्ही चुकते केले आहेत. खालच्या कोर्टाने म्हटले, मुद्दा चौकशीजोगा आहे, पण पुरावा जोडला नाही, तेव्हा आधी जामीन भरा. बोस यांनी ते उलटवले. दारातून आत घेतल्यावरच पुरावा द्यायचा ना? मग आत येण्याआधीच तो कसा मागता?

२०१६ साली सुप्रीम कोर्टाने मुंबईच्या एका दाव्यात हे सूत्र पुन्हा मांडले. बचाव भक्कम, तर विनाअट परवानगी. मुद्दा आहे पण प्रामाणिकपणाची शंका आहे, तर पैसे भरण्याची किंवा तारणाची अट घालता येते. बचाव पोकळ, तर परवानगीच नाही. आणि प्रतिज्ञापत्रात नुसते ‘देणे नाही’ म्हणून भागत नाही. माल केव्हा आला, पैसे कोणत्या तारखेला दिले, हे त्यात लिहावे लागते.