पत्ता नसलेला आवाज

श्रोतेहो, ज्या नभोवाणीला पत्ता नाहीं, तिच्यावर विश्वास कां ठेवावा? १९४२ सालच्या ऑगस्ट महिन्यांत मुंबईकरांपुढें हाच प्रश्न होता. पुढारी तुरुंगांत, वृत्तपत्रांवर कडक निर्बंध. अशा वेळीं अफवांना ऊत येतो. त्यांतच ४२.३४ मीटरांवर काँग्रेस रेडिओ ऐकूं येऊं लागला. हिंदुस्थानांत कोठून तरी, एवढाच काय तो त्याचा ठावठिकाणा!

त्याच्यामागें होत्या बावीस वर्षांच्या उषा मेहता आणि त्यांचे मोजके सोबती. डॉ. राममनोहर लोहियांचें त्यांस मार्गदर्शन असे. पोलिसांच्या शोधक गाड्या मागावर असल्यामुळें यंत्र एका जागीं फार दिवस राहत नसे. हा रेडिओ निःपक्षपाती नव्हता, हें उघड आहे. तो लढ्याचें हत्यारच होता. परंतु चिमूर-आष्टी येथील अत्याचारांची वार्ता त्यानें सांगितली, ती गांवांच्या नांवांनिशीं. नांव सांगितलें कीं पडताळा घेतां येतो. अफवेला नेमकें तेंच नको असतें.

१२ नोव्हेंबर १९४२ रोजीं एका तंत्रज्ञाच्या फितुरीमुळें यंत्र पकडलें गेलें. खटला भरला तो कटाचा. ज्या सरकारनें बातम्या दडविल्या, त्यानेंच त्या सांगणारांना कटवाले ठरवावें, हा न्याय विलक्षणच! उषाबाईंना चार वर्षांची सजा झाली. लोहिया निसटले, नेपाळांत जयप्रकाश नारायणांच्या आझाद दस्त्याला मिळाले आणि तेथेंही प्रचार व रेडिओ यांचेंच काम त्यांनीं अंगावर घेतलें. १९४४ च्या मे महिन्यांत ते मुंबईंतच सांपडले. उषाबाईंच्या सुटकेला मात्र १९४६ साल उजाडावें लागलें.