कॉटिंग्लेच्या पऱ्या

मागच्या बैठकीत हप्ते जमा झाले आणि एका ताईंनी मोबाईल पुढे केला. विहिरीच्या कठड्यावर पांढरं काहीतरी हलत होतं. "कॅमेरा काय खोटं बोलतो का?" असं त्यांचं म्हणणं. तेव्हा आम्ही जी हकीकत सांगितली, तीच आज तुम्हाला सांगतो.

इंग्लंडात यॉर्कशायरमध्ये कॉटिंग्ले नावाचं गाव आहे. १९१७ साली तिथं एल्सी आणि फ्रान्सिस या मावसबहिणी एका घरात राहायच्या. एल्सी १६ वर्षांची, फ्रान्सिस ९. घरामागच्या ओढ्यात फ्रान्सिस सारखी भिजून यायची आणि बोलणी खायची. तिथं कशाला जातेस विचारलं की म्हणायची, पऱ्या बघायला. मग एल्सीने वडिलांचा कॅमेरा मागून घेतला. फोटो धुतला तर फ्रान्सिसपुढे चार पऱ्या! वडिलांना काही ते पटलं नाही. दुसऱ्या फोटोनंतर त्यांनी कॅमेरा देणंच बंद केलं.

गोष्ट घरातच राहिली असती. पण १९१९ साली एल्सीच्या आईने एका व्याख्यानाच्या वेळी फोटोंचा विषय काढला, आणि ते फिरत फिरत शेरलॉक होम्सचे लेखक आर्थर कॉनन डॉयल यांच्याकडे पोचले. आदल्याच वर्षी त्यांचा तरुण मुलगा गेला होता. गेलेल्या माणसांशी बोलता येतं, अशी त्यांची श्रद्धा होती. फोटोच्या एका जाणकाराने सांगितलं, काचेवर काही लबाडी केलेली नाही. १९२० साली डॉयलसाहेबांनी मासिकात लेख लिहिला आणि अंक हातोहात खपला. त्याआधीच मुलींना नवे कॅमेरे मिळाले होते आणि आणखी तीन फोटो निघाले होते.

जाणकाराचं तेवढं म्हणणं चुकलं नव्हतं बरं का. काचेवर लबाडी नव्हतीच, ती कॅमेऱ्यापुढे होती. एल्सीने पुस्तकातली चित्रं बघून पऱ्या काढल्या, कापल्या आणि टोपीच्या पिना लावून गवतात उभ्या केल्या. त्याच पुस्तकात डॉयल यांचीही एक गोष्ट होती!

पुढे दोघींची लग्नं झाली, संसार झाले. १९७६ साली टीव्हीवाले कॅमेरा घेऊन त्यांच्याकडे आले. फोटो बनावट आहेत का, असं सरळ विचारलं, तरी दोघी नाहीच म्हणाल्या. कबुली दिली ती १९८३ साली, म्हणजे ६६ वर्षांनी. एवढ्या मोठ्या माणसाने खरं मानलं, मग आम्ही गावातल्या दोन पोरींनी तोंड कसं उघडायचं, असं एल्सीचं म्हणणं. फ्रान्सिस म्हणायची, आम्ही गंमत केली, लोकांनाच फसायचं होतं.

आम्हाला पिनांपेक्षा हे गप्प राहणं जास्त लागलं. एकदा तोंडून गेलेलं मागे घेता येत नाही म्हणून गप्प बसलेल्या बायका आपल्या वस्तीतही आहेत. कोणाच्या अंगात येतं म्हणून लोक पाया पडतात. मग एक दिवस आलं नाही, तर ती सांगणार कोणाला?

पाचवा फोटो मात्र खरा, असं फ्रान्सिस शेवटपर्यंत म्हणत राहिली. एल्सी म्हणायची, तोही खोटाच. बैठकीत यावरून आमचंही एकमत झालं नाही. ताईंनी मोबाईल पदरात गुंडाळला आणि म्हणाल्या, "उद्या दुपारी विहिरीवर जाऊन येऊ. कोण कोण येतंय?"