पडद्यामागचा लेखक: मासाकी त्सुजी
देऊळगाव राजासारख्या गावांतील ज्या पिढीने 1990 च्या दशकात दूरदर्शनवर ‘जंगल बुक’ पाहिले, तिला मोगली पाठ झाला, पण अशा जपानी ॲनिमेशनच्या पटकथाकारांची, म्हणजे दृश्यक्रम व संवाद लिहिणाऱ्यांची, नावे अपरिचितच राहिली. त्यांतील अग्रणी मासाकी त्सुजी (जन्म 1932, नागोया) यांनी एनएचके ही सार्वजनिक प्रसारणसंस्था 1962 मध्ये सोडली आणि चित्रकथाकार ओसामू तेझुका यांच्या, 1 जानेवारी 1963 रोजी सुरू झालेल्या ‘ॲस्ट्रो बॉय’ या ॲनिमेशन मालिकेसाठी लेखन केले. दर आठवड्याला नवा भाग द्यावा लागत असल्याने तेझुकांच्या मूळ चित्रकथा अपुऱ्या पडल्या आणि नवी कथानके रचण्याची जबाबदारी पटकथाकारांवर आली. या लेखनाचे श्रेय, खेदाची बाब म्हणजे, प्रेक्षकांनी क्वचितच ओळखले. रहस्यकथाकार म्हणूनही त्सुजींनी 1982 मध्ये जपानी रहस्यकथालेखक संघटनेचा पुरस्कार मिळवला.