मुदत कोणाची चुकली?

1875 च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखते आणि वह्या जाळल्या, हे इतिहासाच्या प्रत्येक अभ्यासकाला ठाऊक असते. त्या खतांच्या आधारे न्यायालयात काय घडत होते, याकडे मात्र क्वचितच लक्ष जाते. आमच्या मते त्या प्रकरणाचे मर्म 'मुदत' या एका शब्दात सापडते.

1859 च्या 14 व्या कायद्याने दिवाणी दाव्यांना मुदती ठरवून दिल्या. नोंदणी न झालेल्या कर्जरोख्यावर तीन वर्षांत, नोंदलेल्यावर सहा वर्षांत दावा दाखल झालाच पाहिजे, असे ठरले. मुंबई इलाख्यात ही मुदत पूर्वी बरीच मोठी होती. पुरावा विरून गेलेल्या जुन्या मागण्यांपासून ऋणकोचे रक्षण व्हावे, हा अशा कायद्यामागील विचार. व्यवहारात मात्र उलटे घडले. मुदत सरत आली की सावकार कुळापुढे दोनच वाटा ठेवी: नवे खत लिहून दे, नाहीतर दाव्याला तोंड दे. नव्या खतात थकलेले व्याज मुद्दलात मिसळे. शेकडा 24 दराने घेतलेले 100 रुपये सरळ व्याजाने नऊ वर्षांत 316 होतात. दर तीन वर्षांनी खत बदलले, तर 508 च्या वर जातात. तारीख सांभाळणाऱ्या सावकाराची मुदत सहसा चुकत नसे.

चुके ती कुळाची तारीख. दंगलींनंतर नेमलेल्या आयोगाला आढळले, की बहुसंख्य दाव्यांत प्रतिवादी न्यायालयात फिरकतच नसे आणि हुकूमनामा एकतर्फी होई. न्यायालय दूर, खर्च न परवडणारा, समन्स हाती पडेलच याचा भरवसा नाही, आणि खतावर निशाणी उठलेली असल्याने बोलून उपयोग काय, ही निराशा. कायद्याच्या दृष्टीने मात्र ही सारी कारणे 'गैरहजर' या एका शेऱ्यात मावत.

1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने ही चूक अंशतः ओळखली. पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांसाठी मुदती वाढवून सहा आणि बारा वर्षे केल्या. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, केवळ खतावर न विसंबता व्यवहाराचा आरंभापासूनचा इतिहास तपासावा, असा दंडक न्यायाधीशांना घातला. खालच्या न्यायालयांची दप्तरे मागवून निकाल तपासण्याची सोयही केली. याच कायद्याखाली न्या. महादेव गोविंद रानडे यांनी विशेष न्यायाधीश म्हणून काम केले.

आजही 1963 च्या कायद्यानुसार हातउसन्या रकमेच्या दाव्याला सामान्यतः तीन वर्षांचीच मुदत आहे. अपिलास उशीर झाला, तर पुरेसे कारण दाखवून तो माफ करून घेता येतो. मूळ दाव्याला ती सवलत नाही. एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घेण्यास 30 दिवस मिळतात. मात्र समन्स रीतसर बजावले गेले नसेल, तर ते दिवस हुकूमनामा कळल्यापासून मोजतात. 'कळल्यापासून' या शब्दाचे मोल सुप्याच्या कुळाला विचारावे.

साहित्याच्या अभ्यासकांनी या इतिहासाकडे वळावे असे आम्हांस वाटते, त्याचे कारण हेच. एकतर्फी निकालाच्या दप्तरात एकाच पक्षाची कथा उरते. दुसऱ्याचे मौन म्हणजे कबुली, असे आपण नकळत वाचून जातो. 1879 च्या कायद्याने न्यायाधीशाला खताच्या मागे जायला सांगितले. दस्तऐवज वाचताना निदान तेवढे तरी आपण करावे.