पदवीपुढची तारीख

बुऱ्हाणपूरच्या जामा मशिदीत अरबी लेखाच्या सोबतीला संस्कृत शिलालेखही आहे. त्याच गावात आज पंडित शिवनाथ शास्त्री शासकीय आयुर्वेद महाविद्यालय आहे आणि सैफिया हमीदिया युनानी तिब्बिया महाविद्यालयही. आयुर्वेदात एमडी झालेला वैद्य नियमांच्या भाषेत ‘आयुर्वेद वाचस्पती’, तर युनानीतला ‘माहिर-ए-तिब’. बिरुदं निराळी, पण शिकवणाऱ्याच्या बढतीचा कागद टेबलावर आला की दोघांनाही विचारलं जातं तेच: ही पदवी मान्य आहे का, आणि कधीपासून?

या प्रश्नाचं मूळ मुंबईत सापडतं. १८४५ साली ग्रँट मेडिकल कॉलेज सुरू झालं. तिथल्या प्राध्यापकांच्या जागा पुढे बराच काळ इंडियन मेडिकल सर्व्हिसच्या अधिकाऱ्यांकडे राहिल्या. ही मुळात लष्करी सेवा. एतद्देशीय डॉक्टरकडे एमडी असली तरी खुर्ची ठरायची ती सेवेच्या वर्गावरून. १९२६ साली परळला सेठ गोर्धनदास सुंदरदास मेडिकल कॉलेज उभं राहिलं, तेव्हा देणगीदारांनी अटच घातली की शिकवणारे सरकारी सेवेबाहेरचे, पात्र भारतीय असावेत. ‘पात्र’ या अटीचं मला फार मोल वाटतं. तिथे माणसाच्या रंगाऐवजी आणि वशिल्याऐवजी त्याचं शिक्षण बोलू लागलं.

मग ते शिक्षण तोलायचं कोणी? भारतीय पदव्यांवर शिक्का ब्रिटनच्या जनरल मेडिकल कौन्सिलचा चाले. विद्यार्थ्यांना प्रत्यक्ष बाळंतपणं पुरेशी हाताळायला मिळत नाहीत, ही त्या कौन्सिलची जुनी तक्रार होती. १९३० साली तिने भारतीय पदव्यांची मान्यता काढून घेतली. निर्णयात साम्राज्याचा तोरा होता, पण तक्रार पोकळ नव्हती. १६३१ साली मुमताज महल बुऱ्हाणपुरातच बाळंतपणात गेली. त्यानंतर तीनशे वर्षांनीही साध्या घरांतल्या बायका तशाच जात होत्या.

मान्यता गेल्याच्या त्या अपमानातून आपली व्यवस्था उभी राहिली. १९३३ चा कायदा झाला आणि पुढच्याच वर्षी भारतीय वैद्यक परिषद आली. १९५६ च्या कायद्याने पहिल्या अनुसूचीची, म्हणजे मान्य पदव्यांच्या यादीची, रीत पक्की केली. विद्यापीठाने अर्ज करायचा, परिषदेने तपासणी करायची, केंद्र सरकारने राजपत्रात नाव छापायचं. नावापुढे बहुधा एक तारीख: अमुक दिवशी किंवा त्यानंतर दिलेली पदवीच मान्य. आयुर्वेद-युनानीसाठी १९७० च्या कायद्यातली दुसरी अनुसूचीही याच वळणाची होती. संस्थेच्या नावासमोर ‘अमुक सालापासून अमुक सालापर्यंत’.

बढतीची सगळी गोम या तारखेत आहे. आधुनिक वैद्यकात सहायक प्राध्यापक व्हायलाच सहसा मान्य एमडी किंवा एमएस लागते. तिथून ४ वर्षांनी सहयोगी प्राध्यापक, आणखी ३ वर्षांनी प्राध्यापक. सोबत शोधनिबंध वगैरे. नव्या अभ्यासक्रमाला आधी परवानगी मिळे, आणि मान्यता यायची ती पहिली तुकडी परीक्षेला बसल्यावर, तपासणी होऊन. म्हणजे सरकारने परवानगी दिलेल्या जागेवर रीतसर प्रवेश घेऊन, तीन वर्षं वॉर्डात रात्री काढून एमडी झालेला डॉक्टर राजपत्राची वाट पाहत बसे. बोगस संस्थांना आवर घालायला ही तारीख हवीच होती. तिचा भार मात्र ज्याने काही चुकवलं नाही त्याच्यावर पडला, आणि हे मला सरळ अन्याय्य वाटतं. २०२३ च्या पदव्युत्तर नियमांनी परवानगी मिळालेला अभ्यासक्रम पदवीच्या नोंदणीपुरता मान्य धरला. हे फार आधी व्हायला हवं होतं.

डीएनबी या पदवीचा वाद याच घरातला. रुग्णालयात शिकून राष्ट्रीय मंडळाची परीक्षा दिलेल्यांना प्राध्यापकी द्यावी का, यावर वर्षानुवर्षं भांडणं झाली. २०१९ च्या राष्ट्रीय वैद्यकीय आयोग कायद्याने उत्तर दिलं: वैद्यकीय महाविद्यालयाशी जोडलेल्या किंवा किमान ५०० खाटांच्या रुग्णालयातली डीएनबी एमडीच्या बरोबरीची. इतरांनी शिकवण्यासाठी महाविद्यालयात एक वर्ष जादा वरिष्ठ निवासी म्हणून काम करायचं.

बुऱ्हाणपूरच्या एका अंगाला खंडवा, दुसऱ्या अंगाला जळगाव. दोन्हीकडची शासकीय वैद्यकीय महाविद्यालयं २०१८ ची. अशा नव्या ठिकाणी शिक्षक मिळणं कठीण. २०२५ च्या नियमांनी म्हणून दार रुंद केलं: सरकारी रुग्णालयात १० वर्षं काम केलेला एमडी किंवा एमएस तज्ज्ञ थेट सहयोगी प्राध्यापक होऊ शकतो, ६ वर्षं काढलेला पदविकाधारक तज्ज्ञ सहायक प्राध्यापक. जिल्हा रुग्णालयात आयुष्य घालवलेल्या डॉक्टरचा हा हक्कच होता. पण त्याने रुग्णापाशी उभं राहून कनिष्ठांना काही शिकवलं का, हे पाहणारी तपासणी या नियमासोबत हवी. खाटांच्या आणि वर्षांच्या आकड्यांतून ते कळत नाही.